सावतोबांच्या मळ्यात देव लपायला आला



आपल्या दिंडीला शंभर वर्षं पुरी झाली म्हणून हा अंक निघतोय. त्यात एका संताचं चरित्र मी लिहावं असं मंडळींनी सांगितलं. मी हो म्हणेपर्यंत ज्ञानोबाराय, तुकोबाराय, नाथबाबा हे वाटून झाले होते. मला त्याचं काही वाईट वाटलं नाही. मी सावतोबा मागून घेतले. माझी शाळा चौथीपर्यंत. पुढचं सगळं शिक्षण औताच्या मागं आणि विणेकऱ्याच्या शेजारी उभं राहून झालं. तवा ऱ्हस्व दीर्घ चुकलं तर वाचणाऱ्यांनी पदरात घ्यावं. त्यात आणखी एक अट घातली, की अभंगाचं प्रमाण द्यायचं नाही, अभंगांची पानं वेगळी छापली आहेत. कीर्तनकाराला प्रमाण न देता बोल म्हणणं म्हणजे मोटकऱ्याला बैलाशी न बोलता मोट हाण म्हणण्यासारखं आहे. पण मंडळींचा शब्द. हाणतो जमेल तशी.

अरण हे गाव सोलापूर जिल्ह्यात, माढा तालुक्यात. मोडनिंबच्या जवळ, पुणे सोलापूर रस्त्यापासून आत. तिथून पंढरपूर फार लांब नाही. सकाळी निघालेला माणूस दिवेलागणीपर्यंत चंद्रभागेला पोचेल. हे अंतर ध्यानात ठेवा, पुढं लागणार आहे.

सावतोबांचे आजोबा दैवू माळी. ते पंढरीचे वारकरी होते. पोटापाण्यासाठी या भागात आले आणि अरणला राहिले. त्यांचे चिरंजीव परसोबा, तेही माळकरी आणि नेमानं वारी करणारे. परसोबांचं लग्न नांगिताबाईंशी झालं आणि त्यांच्या पोटी शके ११७२ साली, म्हणजे इसवी सन १२५० साली सावतोबांचा जन्म झाला. सगळ्यांच्या ध्यानात राहात नाही म्हणून सांगतो, नामदेवराय शके ११९२ चे आणि ज्ञानोबा माऊली शके ११९७ ची. म्हणजे सावतोबा त्या दोघांपेक्षा वीस पंचवीस वर्षांनी मोठे. ही मंडळी पोरसवदा असताना सावतोबा बायकापोरांचे, मळा सांभाळणारे कर्ते गृहस्थ होते.

त्यांचं लग्न भेंड गावच्या जनाबाईंशी झालं. भेंड अरणच्या जवळच आहे. दोन लेकरं झाली, मुलगा विठ्ठल आणि मुलगी नागाताई. घर भरलेलं होतं, तरी सावतोबा हा एकटा माणूस होता असं मी म्हणतो आणि त्याला कारण आहे. ज्यानं मळ्यात जन्म काढला त्यालाच ते कळेल. माळव्याचं काम हे एकट्याचं काम असतं. ज्वारी काढायला दहा माणसं लागतात, गाणी होतात, चेष्टा होते. पण पाण्याची दारं धरायला एकच माणूस लागतो. एक वाफा भरला की दार मोडायचं, दुसऱ्याचं दार धरायचं. खोऱ्यानं माती ओढायची, पायानं दाबायची. पाणी वाफ्यात पसरताना एक आवाज करतं, कोरडी भुई पाणी पिते त्याचा. तो आवाज ऐकत माणूस उभा राहतो आणि त्याच्याशी बोलायला कुणी नसतं. तिथं एक तर मनात घरच्या भानगडी घोळतात, नाही तर देवाचं नाव येतं. सावतोबांच्या मनात नाव आलं.

त्यांचा नेम ठरलेला होता. पहाटे उठायचं, अंघोळ करायची, कपाळाला टिळा लावायचा आणि मळ्याची वाट धरायची. मळ्यात विहीर, मोट, पाट आणि वाफे. कांदा, लसूण, मुळा, मेथी, कोथिंबीर असलं सगळं माळवं, आणि देवाला लागणारी फुलं. खुरपायचं, आळी करायची, पाणी द्यायचं, तोडा करायचा. हाताला काम आणि तोंडाला विठ्ठल. हंगाम बदलला की वाफ्यातलं पीक बदलायचं, पण नेम बदलायचा नाही. मळ्यालाच त्यांनी पंढरी मानलं. त्यांचा तो भाजीपाल्याचा अभंग इथं देत नाही, वाचणाऱ्या प्रत्येकाच्या तो ओठावर आहे.

आता ती अंतराची गोष्ट. आजोबा वारकरी, बाप वारकरी, पंढरी एका दिवसाच्या चालीवर, आणि संप्रदायात असं सांगतात की सावतोबा पंढरपूरला गेले नाहीत. परगावचे लोक पंधरा पंधरा दिवस, तीन तीन आठवडे चालत येतात आणि हा शेजारचा माणूस खुरपं घेऊन वाफ्यात बसलेला. लोक बोलले नसतील असं होणार नाही. आजही बोलतात. आषाढीला चुकलेल्या माणसाकडं आपण माळकरी कशा नजरेनं बघतो ते आपलं आपल्याला ठाऊक आहे.

मी स्वतः तसा बघत होतो. माझा धाकटा भाऊ आहे. आम्ही दोघं एकत्रात. वडील वारीला जायचे, ते थकल्यावर मी जायला लागलो, त्याला आता बत्तीस वर्षं झाली. भाऊ एकदाही आला नाही. आषाढात पेरणी झालेली असते नाही तर व्हायची असते, जनावरं दावणीला असतात, पाऊस ओढ देतो तवा उसाला पाणी द्यायचं असतं, लाईट रात्री येते. कुणीतरी मागं राहावं लागतं. तो राहायचा. मी गळ्यात वीणा घालून निघायचो आणि तो गोठ्याच्या दारात उभा राहून हात जोडायचा. मला वाटायचं ह्याला गोडी नाही. एका वर्षी परत आल्यावर मी त्याला तसं बोललोही. आमच्या दारात, पाच माणसांसमोर बोललो. तो काही म्हणाला नाही, बादली उचलून धार काढायला गेला. त्याच वर्षी श्रावणात मी सावतोबांचं चरित्र कीर्तनाला घेतलं होतं आणि सांगता सांगता माझीच जीभ अडखळली. लोकांना वाटलं महाराजांना गहिवर आला.

असो. मूळ गोष्टीकडं येतो.

सावतोबांचा नेम मोडायचा प्रसंग एकदा घरातूनही आला होता. सासुरवाडीची माणसं भेंडाहून आली. त्या वेळी दारात हरिभक्त जमलेले आणि सावतोबा भजनात रंगलेले. सासरे आले, बसले, आणि जावयानं वर मान करून बघितलं नाही. पाहुण्याला पाणी विचारायचं तेही राहिलं. जनाबाईंना राग आला. येणारच की. माहेरचं माणूस दारात येतं आणि नवरा ओळख देत नाही हे कुठल्या बाईला सोसेल? कीर्तनात ह्या जागी जनाबाईंना संसारी म्हणून हसतात, मला ते पटत नाही. घरात दाणे किती, पाहुण्याला काय वाढायचं, हे बघणारी तीच होती. सावतोबांनी तिला रागानं उत्तर दिलं नाही, निवांतपणी समजूत घातली, आणि पुढं तीही त्याच वाटेला लागली असं सांगतात.

पण हा प्रसंग लहान. खरा प्रसंग वेगळा आणि तो सावतोबांच्या मळ्यात भर दिवसा घडला. महिपतीबाबांनी भक्तविजयात ही कथा घातली आहे आणि गावोगाव कीर्तनात ती थोड्याफार फरकानं सांगतात. मी माझ्या गुरूंच्या तोंडून ऐकली तशी सांगतो.

पैठणचे एक भक्त होते, कूर्मदास. त्यांना हात नव्हते, पाय नव्हते. पण पंढरीची ओढ अशी की पोटावर सरपटत निघाले. वाटेतल्या माणसांनी घास भरवायचा, पाणी पाजायचं आणि ह्यांनी पुढं सरकायचं. असं करत करत ते लऊळपर्यंत आले. लऊळ हे गावही माढा तालुक्यातच, अरणपासून जवळ. तिथं त्यांचं अंग थकलं. एकादशी तोंडावर आली आणि आता पोचणं होत नाही हे त्यांना कळलं. त्यांनी यात्रेकरूंच्या हाती देवाला निरोप दिला. तो निरोप ऐकून पांडुरंग स्वतः विटेवरून उतरला आणि ज्ञानोबा नामदेवांना बरोबर घेऊन लऊळच्या वाटेला लागला.

वाटेत अरण आलं. देवाला सावतोबांना भेटायचं होतं. पण नामदेवरायांचं प्रेम असं की देव क्षणभर डोळ्यांआड झालेला त्यांना खपत नसे. देवाच्या मनात त्यांची थोडी थट्टा करायचं आलं. तो त्या दोघांना चुकवून निघाला आणि धावत धावत सावतोबांच्या मळ्यात शिरला.

आता तुम्ही त्या मळ्यात जाऊन बघा. ऊन चढलेलं. सावतोबा वाफ्यात उकिडवे बसून खुरपतायत. रोजचीच वेळ, रोजचंच काम. पाखरांचा आवाज आणि खुरप्याचा आवाज. एवढ्यात बांधावरून कुणीतरी पळत येतं. धाप लागलेली, घाम आलेला, पीतांबर सावरत भिजल्या वाफ्यातून तुडवत येतं आणि म्हणतं की मागं दोन चोर लागलेत, मला लपव.

आपण सारखं म्हणतो देवानं घरी यावं. पण ह्या येण्याचा विचार करा. चाळीस वर्षं ज्याचं नाव घेतलं तो समोर आला तो आशीर्वाद द्यायला आला नाही, काही मागायला ये म्हणून आला नाही. भ्यालेल्या माणसासारखा आला. त्याच्या मागं कुणीतरी लागलंय. ज्याच्या नावानं आपण निर्धास्त असतो तोच म्हणतो मला थारा दे. मला तरी अशा वेळी पहिली भीतीच वाटली असती. माझ्या रानात रात्री अनोळखी माणूस धावत आला तर मी आधी बॅटरी मारीन, नाव गाव विचारीन, मग पुढचं.

सावतोबांनी काही विचारलं नाही. पण लपवायचं कुठं हा पेच पडला. मळा तो. मेथीच्या वाफ्यात काय लपणार? विहिरीत म्हणावं तर पाण्यात तोच, झाडाआड म्हणावं तर झाडात तोच. जिकडं तिकडं ज्याला बघायची सवय झाली त्याला झाकायला जागा कुठून आणायची? मग सावतोबांनी हातातलं खुरपं घेतलं आणि आपलं पोट चिरलं. देवाला आत घेतलं, वरून उपरणं घट्ट बांधलं आणि पुन्हा खुरपायला बसले.

ह्या जागी कीर्तनात टाळकरी गजर करतात आणि मृदंग चढतो, त्यामुळं एक गोष्ट सुटून जाते. ते पुन्हा खुरपायला बसले. मला ह्या कथेत सगळ्यात अवघड काय वाटतं तर ते. पोट चिरणं हे एका क्षणाचं धाडस आहे. पण देव पोटात घेऊन राहिलेला वाफा खुरपणं, ते सुद्धा मागावर आलेल्यांना संशय येऊ नये इतक्या साध्या चेहऱ्यानं, हे रोजच्या सवयीशिवाय होत नाही. काही जुने लोक पोट चिरलं ह्याचा अर्थ अंतःकरण उघडलं असा करतात. कुणी तसा घ्यावा, कुणी जसंच्या तसं घ्यावं. मी सांगताना जसंच्या तसं सांगतो, कारण ऐकणाऱ्या म्हाताऱ्या बायका त्या वेळी स्वतःच्या पोटावर हात ठेवतात हे मी बघितलं आहे.

इकडं नामदेवराय कासावीस झाले. देव कुठं गेला म्हणून रडायला लागले, झाडाला विचारू लागले, वाटसराला विचारू लागले. ज्ञानोबा बरोबर होते, त्यांच्या ध्यानात आलं असणार, पण ते गप्प राहिले. पावलांचा माग काढत दोघं सावतोबांच्या मळ्यात आले. ओल्या वाफ्यात पाऊल उमटतंच, ते काही लपत नाही. नामदेवरायांनी विचारलं, देव इकडं आला का? सावतोबा काय बोलणार? शब्द देऊन बसलेले. खोटं बोलता येत नाही, खरं सांगता येत नाही. हरिनाम चालू ठेवून खाली मान घालून राहिले. नामदेवरायांनी टाहो फोडला, भुईवर अंग टाकलं. तेवढ्यात उपरण्यातून पीतांबराचं टोक बाहेर आलेलं दिसलं.

मग देव बाहेर आला. नामदेवरायांना पोटाशी धरलं आणि सावतोबांच्या अंगावरून हात फिरवला तशी जखम भरली. नामदेवरायांचा रुसवा गेला पण त्यांना एक कळलं, की ज्याला आपण रात्रंदिवस डोळ्यांपुढं ठेवतो तो इथं एका माळ्याच्या पोटात हक्कानं जाऊन बसला, जो माळी त्याच्या महाद्वारातही आला नाही. त्या दिवसापासून दोघांचा स्नेह जडला. सावतोबांनी सगळ्यांना मळ्यात बसवलं, जे होतं ते पुढं ठेवलं. तिथून सगळे मिळून लऊळला गेले, सावतोबांनाही बरोबर नेलं. कूर्मदासांना देव भेटला. लऊळला कूर्मदासांचं ठिकाण आहे, पंढरीला जाताना जमेल त्यांनी अवश्य जावं.

सावतोबांनी अभंग रचले ते असेच, हाताला काम असताना. कागद लेखणी घेऊन बसणारे ते नव्हते. काशिबा गुरव म्हणून गावातले, त्यांनी ते लिहून ठेवले म्हणून ते आपल्यापर्यंत आले. आज ३७ अभंग मिळतात. संख्या थोडी आहे. पण त्यात मोट आहे, विहीर आहे, दोरी आहे. आपल्या बोलीतल्या, रानातल्या शब्दांना देवाच्या दारात जागा मिळाली ती ह्या संतांमुळं. नामदेवरायांनी शिंप्याची सुई कात्री आणली, गोरोबांनी चाक आणि माती आणली, नरहरी सोनारांनी बागेसरी आणली, सावतोबांनी मळा आणला. काशिबांचं नाव मात्र फार थोडे लोक घेतात. त्यांनी लिहिलं नसतं तर आज माझ्याकडं पोट चिरल्याच्या कथेशिवाय सांगायला काही राहिलं नसतं.

शके १२१७, इसवी सन १२९५, आषाढ वद्य चतुर्दशीला सावतोबांनी देह ठेवला. वय ४५. पंढरीची आषाढी होऊन गेलेली, वारकरी आपापल्या गावाला परतत असतील, आणि हे मळ्यातच विसावले. पुढच्याच वर्षी कार्तिकात माऊलींनी आळंदीला समाधी घेतली. सावतोबांची समाधी अरणला त्यांच्या मळ्याच्या जागी आहे.

आणि आता ती गोष्ट, जिच्यासाठी मी सावतोबा मागून घेतले. आषाढीला साऱ्या संतांच्या पालख्या पंढरपूरला जातात. आळंदीहून माऊली, देहूहून तुकोबा, त्र्यंबकेश्वराहून निवृत्तीनाथ, मुक्ताईनगरहून मुक्ताबाई, सासवडहून सोपानकाका, पैठणहून नाथ. सावतोबांची पालखी पंढरीला जात नाही. पांडुरंगाची पालखी पंढरपुराहून निघते आणि अरणला येते. पुण्यतिथीच्या सुमारास हा सोहळा होतो, श्रीफळ हंडी होते, गाव भरून जातं. जो आला नाही त्याच्याकडं देव चालत जातो, अजून दर वर्षी.

ह्या अंकासाठी शंभर वर्षांचे फोटो गोळा केले आहेत. विणेकरी, चोपदार, टाळकरी, तुळस डोक्यावर घेतलेल्या माऊल्या, सगळ्यांची नावं घातली आहेत. ते चांगलं झालं. मी मंडळींना विनंती केली की शेवटी एक पान ठेवा आणि ज्या ज्या घरात वारीच्या दिवसांत मागं राहून कुणी गुरं राखली, पेरणी केली, म्हाताऱ्यांचं केलं, त्यांचीही नावं गावातून विचारून घाला. पान वाढतं, छपाईचा खर्च वाढतो असा विषय निघाला. मी म्हणालो त्या पानाचा खर्च माझ्याकडं. ते पान मागं आहे, बघावं.

दोन वर्षांमागं भावाला घेऊन मी अरणला गेलो. वारीला नव्हे, नुसतं दर्शनाला, एस.टी.नं. पेरण्या उरकल्या होत्या, पाऊस बरा होता, एका दिवसाचं काम शेजाऱ्यानं बघतो म्हणाला. जाताना त्याला दारात बोललो होतो त्याबद्दल मी वाटेत काढणार होतो. गाडीत शेजारी बसलो तरी तोंडातून निघालं नाही, मोडनिंब आलं. समाधीपाशी तो बराच वेळ डोकं टेकून राहिला. मी बाहेर येऊन उभा. तो आला तसा देवळाच्या बाहेरच्या शेताकडं बघत राहिला, मग बांधावर उकिडवा बसला, चिमूटभर माती घेऊन चोळून बघितली. तिथल्या एका शेतकऱ्याला त्यानं विचारलं, विहिरीला पाणी कितीवर आहे. तो माणूस सांगायला लागला आणि दोघं बोलत बोलत विहिरीकडं गेले. मी तिथंच दगडावर बसून राहिलो. परतीच्या गाडीला उशीर होता. तेवढ्यात मला जे बोलायचं होतं ते मी दोनदा मनात म्हणून घेतलं, आणि तो विहिरीवरून आल्यावर बोललो. त्यानं ऐकून घेतलं आणि म्हणाला की इथं पाणी आपल्यापेक्षा वर आहे.